डोके दुखते की डोक्याची कातडी? कारणे, उपाय व धोक्याच्या खुणा



गळीत हंगाम सुरू झाला की तोड, वाहतूक, काटा आणि पहिली उचल यांपलीकडे कुणाला काही सुचत नाही. ताप भरला तर माणूस दवाखान्यात जातो, कोयता लागला तर पट्टी बांधून घेतो. पण "डोक्याला हात लावू देत नाही", "फणी फिरवली की केसांची मुळं दुखतात", "फेटा बांधला की एका बाजूला आग होते" अशा तक्रारींना आपल्याकडे कोणी दुखणे म्हणतच नाही. बाम चोळायचा, फडके आवळून बांधायचे, दुकानातून दोन गोळ्या आणायच्या आणि कामाला लागायचे, हा रिवाज. यातली बहुतेक दुखणी साधी असतात व थोड्या काळजीने बरी होतात, हे खरे. परंतु एक-दोन अशी आहेत की चार दिवसांचा उशीर डोळ्यावर बेततो. ती ओळखायची कशी, हे सांगण्यासाठी या अंकातील ही जागा आम्ही घेतली आहे.

दुखते ते नेमके काय?

"डोक्यात कळ आली" म्हटले की मेंदूलाच काही झाले, अशी भीती वाटते. वास्तविक मेंदूला स्वतःला दुखत नाही. त्यात वेदना जाणणारे तंतूच नाहीत. कवटीवरची कातडी मात्र फार हळवी. तिथे साधारण एक लाख केस, आणि प्रत्येक केसाच्या मुळाशी बारीक मज्जातंतू. म्हणून एक केस ओढला तरी कळते.

या नसा दोन बाजूंनी येतात. कपाळ, कानशील व पुढच्या भागाच्या नसा चेहऱ्याच्या मोठ्या नसेच्या फांद्या आहेत. मागच्या भागाच्या नसा मानेतून, वरच्या मणक्यांच्या जवळून वर चढतात. चारी वर अडली तर शेवटच्या वाफ्याला कळते, तसे मान आवळली की डोक्याच्या मागल्या कातडीला कळते. म्हणून मागच्या बाजूला कळा येत असतील तर आधी मान तपासावी.

मोळी, चुंबळ आणि मान

ज्याला आपण 'डोकी सेंटर' म्हणतो तिथे तोडलेल्या उसाची मोळी डोक्यावरून ट्रकपर्यंत न्यावी लागते. मोळी २५ किलोची धरली तर एक टन उसाच्या ४० मोळ्या होतात. एका कोयत्याने, म्हणजे जोडप्याने, दिवसात दोन टन भरले तर ८० खेपा झाल्या, त्याही फळीवरून चढून. कातडीवर दाब, चुंबळीचे घर्षण, घाम आणि मानेवर ताण, सगळे एकाच जागी. टाळू दुखणे, केस विरळ होणे, मानेपासून डोक्यावर कळ चढणे, ही त्याची फळे.

उपाय साधे आहेत. चुंबळ जाड, रुंद व कोरडी असावी. घामाने भिजलेली चुंबळ घट्ट होते व कातडी सोलते, म्हणून दोन चुंबळी ठेवून आलटून-पालटून वापराव्यात. मोळी एकट्याने हिसका देऊन उचलू नये, दुसऱ्याने हात द्यावा. मोळी थोडी हलकी बांधली तर खेपा वाढतात, पण मान वाचते. रात्री मानेला १५-२० मिनिटे गरम कपड्याचा शेक द्यावा व मान सावकाश चारी बाजूंना फिरवावी. हातांना मुंग्या येत असतील किंवा पकड ढिली पडत असेल तर मात्र घरगुती उपाय पुरे, डॉक्टरला दाखवावे.

आवळलेला फेटा, घट्ट हेल्मेट, डोक्याला कचकचून बांधलेला टॉवेल यांनीही कातडी दुखते. ओळख सोपी: काढल्यावर तासाभरात दुखणे थांबते. मोटारसायकलवरच्या सभासदांनी एवढ्यावरून हेल्मेट सोडू नये, मापाचे घ्यावे.

कोंडा, केसतूड आणि नायटा

कातडी दुखते आणि खाजतेही, तर कारण बहुधा कातडीतच असते. कोंडा वाढवणारी बुरशी तेलावर पोसते. म्हणून कोंडा झाला की तेल थापणे म्हणजे तणाला खत घालणे होय. केटोकोनॅझोलचा शाम्पू आठवड्यातून दोनदा लावून पाच मिनिटे ठेवावा व मग धुवावा, तीन-चार आठवड्यांत फरक दिसतो.

केसाच्या मुळाशी पू धरला की केसतूड होते व भयंकर ठणकते. ते दाबून फोडू नये. गरम पाण्याचा शेक द्यावा. वरचेवर केसतुडे होत असतील तर रक्तातील साखर तपासून घ्यावी. मधुमेह आहे हे पुष्कळांना असल्या गळवांवरूनच कळते.

लहान मुलाच्या डोक्यावर केस तुटलेला चकंदळ व त्यात मऊ, दुखरी, पुवाळलेली सूज दिसली तर ती नायट्याची असू शकते. लोक गळू समजून चिरा देतात. तसे करू नये. बुरशी केसाच्या मुळात असते, वरच्या मलमाने ती मरत नाही. डॉक्टरच्या सल्ल्याने काही आठवडे पोटातून औषध घ्यावे लागते. उशीर झाला तर त्या जागी कायमचे टक्कल पडते.

उवा आणि फवारणीचे औषध

हा परिच्छेद सर्वांनी, विशेषतः घरातील बायकांनी, लक्षपूर्वक वाचावा. उवा चावून, खाजवून डोक्याला जखमा होतात व कातडी दुखू लागते. त्यावर पिकाच्या फवारणीचे औषध किंवा रॉकेल लावण्याची चाल कुठे कुठे अजून आहे. ही चाल जीवघेणी आहे. डोक्याची कातडी हाताच्या कातडीपेक्षा तीन-चार पटीने औषध शोषून घेते, आणि खाजवून सोललेली असेल तर त्याहून अधिक. जे औषध किडीच्या मज्जातंतूंवर घाव घालते ते पोरीच्या मज्जातंतूंनाही सोडत नाही.

उवांसाठी परमेथ्रिन १ टक्का हे लोशन औषधाच्या दुकानात मिळते. धुतलेल्या ओलसर केसांना लावून १० मिनिटांनी धुवावे, बारीक फणीने विंचरावे, व लिखांतून नव्या उवा निघतात म्हणून ७ ते १० दिवसांनी पुन्हा एकदा लावावे. घरातील सगळ्यांचे डोके एकाच दिवशी तपासावे.

हाच नियम फवारणी करणाऱ्यालाही. ज्या टॉवेलने पंपाचे तोंड पुसले तोच डोक्याला गुंडाळू नये. काम संपताच डोके साबणाने धुवावे. फवारणीनंतर डोके दुखून मळमळ, घाम, लाळ, अंधुक दिसणे असे काही झाले तर ते उन्हाचे म्हणून सोडू नये. औषधाचा डबा बरोबर घेऊन तडक दवाखाना गाठावा.

वेणी, कलप आणि जट

शाळेच्या मुलींच्या दोन घट्ट वेण्या आणि आवळून बांधलेला अंबाडा यांनी केसांची मुळे ताणली जातात. वेणी घातल्यावर दुखत असेल तर ती सैल करावी. वर्षानुवर्षे ताण राहिला तर कपाळाजवळचे केस जातात ते परत येत नाहीत.

केस काळे करण्याच्या कलपात आणि 'काळी मेंदी' म्हणून विकल्या जाणाऱ्या पुडीत बहुधा पॅराफेनिलिनडायमिन हे रसायन असते. काहींना त्याने कातडी सुजते, पाणी सुटते, डोळे मिटतात. कलप लावण्यापूर्वी थोडासा कानामागे लावून ४८ तास वाट पाहावी. एकदा त्रास झाला असेल तर पुन्हा त्या वाटेला जाऊ नये. दुसऱ्यांदा जास्त होतो.

आता जटेविषयी. आपल्या भागात जट आली की ती देवीची, यल्लम्माची, असे मानतात, व हात लावायला घरचे भितात. खरे कारण साधे आहे. आजारपणात, बाळंतपणात केस विंचरले नाहीत, घाम, तेल, धूळ साठली, की गुंता होतो आणि वाढत जातो. जटेचे ओझे कातडी रात्रंदिवस ओढते, मान दुखते, आत उवा होतात, धुणे अशक्य होते. नरेंद्र दाभोलकर यांनी १९८९ साली स्थापन केलेल्या महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या कार्यकर्त्यांनी अशा अनेक बायकांच्या जटा समजावून, त्यांच्या संमतीने काढल्या आहेत. श्रद्धा ज्याची त्याची; पण जट कापल्याने कोप होत नाही, दुखणे तेवढे थांबते, एवढे आम्ही निश्चित सांगतो.

अर्धशिशी, ताण आणि गोळ्या

अर्धशिशीचा झटका आला की पुष्कळांची कातडीही हळवी होते. केसांना हात लागला, उशीला डोके टेकले तरी दुखते. झोप मोडणे, उपाशी राहणे, ऊन, पाणी कमी पिणे यांनी झटके वाढतात. झटक्याच्या सुरुवातीलाच गोळी घेऊन अंधाऱ्या खोलीत पडणे हितकर. परंतु गोळ्यांची सवय वाईट. दर महिन्याला १०-१५ दिवस दुखण्याच्या गोळ्या खाल्ल्या तर त्या गोळ्यांनीच डोके दुखू लागते, शिवाय मूत्रपिंड व जठर यांना इजा होते ती निराळीच. इतक्या गोळ्या लागत असतील तर गोळ्या वाढवू नयेत, डॉक्टर गाठावा.

ज्यात उशीर चालत नाही अशी दोन दुखणी

पहिले नागीण. लहानपणी कांजिण्या होऊन गेल्या की त्यांचे विषाणू नसांच्या मुळाशी झोपून राहतात व उतारवयात किंवा अशक्तपणात जागे होतात. एकाच बाजूला आग, टोचणी, हात लागू न देणारी कातडी, आणि दोन-तीन दिवसांनी त्याच पट्ट्यात पाण्याचे फोड. मधली रेघ ओलांडून फोड सहसा दुसऱ्या बाजूला जात नाहीत. नागिणीचे तोंड व शेपूट मिळाले की माणूस मरतो, ही समजूत निव्वळ खोटी. पण गेरू लावून मंत्र घालण्यात दिवस गेले तर नुकसान खरे. विषाणूविरोधी गोळ्या फोड उठल्यापासून ७२ तासांच्या आत सुरू केल्या तर उत्तम गुण येतो. एरवी फोड सुकले तरी नसेची आग महिनोन्‌महिने राहू शकते. कपाळाच्या नागिणीत नाकाच्या शेंड्यावर फोड दिसला तर डोळ्यालाही लागण होण्याचा धोका मोठा, त्याच दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरकडे जावे. ही खूण जोनाथन हचिन्सन या इंग्रज डॉक्टरने सांगितली.

दुसरे दुखणेही त्याच हचिन्सनने १८९० साली टिपले. एका म्हाताऱ्याच्या कानशिलावर लाल दुखऱ्या रेघा उठल्या होत्या व त्याला टोपी घालवत नव्हती. कानशिलाच्या धमनीला आतून सूज येण्याचा हा रोग. तो पन्नाशीच्या आत जवळजवळ होत नाही. सत्तरीच्या पुढे व बायकांत अधिक. युरोपच्या उत्तरेकडील देशांत तो जास्त, आपल्याकडे विरळ. पण विरळ म्हणूनच तो चुकतो. खुणा अशा: कानशील हात लावू देत नाही, विंचरताना दुखते, भाकरी चावताना जबडा भरून येतो, थोडा ताप, वजन कमी, मध्येच एका डोळ्यापुढे पडदा येतो. डोळ्याचा रक्तपुरवठा बंद पडला तर गेलेली दृष्टी बहुधा परत येत नाही. वेळीच स्टेरॉइड सुरू केले तर डोळा वाचतो. रक्ताची साधी ईएसआर तपासणी पहिली दिशा दाखवते. म्हातारी आई "केस विंचरवत नाही गं" म्हणाली तर "वय झालं" म्हणून सोडू नका. भाकरी चावताना दुखते का, हे तिला जरूर विचारा.

ताबडतोब केव्हा जावे?

ट्रॉलीवरून, फळीवरून पडून डोक्याला मार लागल्यावर उलट्या, गुंगी किंवा बरळणे. डोकेदुखीबरोबर ताप व मान ताठ. एकाएकी विजेसारखी डोकेदुखी. एका डोळ्याने कमी दिसणे. तोंड वाकडे किंवा हातपाय लुळे. यांपैकी एक जरी असेल तरी १०८ क्रमांकाची गाडी बोलवावी. म्हाताऱ्या माणसाला मार लागून आठवडे उलटल्यावरही आत रक्त साठू शकते, हे ध्यानात ठेवावे.

शेवटी सभासदांना एक विनंती. आपला ऊस ज्यांच्या डोक्यावरून ट्रकमध्ये चढतो त्या तोडकऱ्यांना दुखणे सांगायची सोय नसते. दवाखान्यात गेले की खाडा पडतो, खाडा पडला की उचल फिटत नाही, म्हणून ते बोलत नाहीत. आपल्या फडात कोणी डोके धरून बसलेला दिसला तर मुकादमाशी बोलून त्याचा खाडा न धरता त्याला दवाखान्यात पाठवावे. ऊस एक दिवस उशिरा तुटला तर तो फडात उभाच राहील. गेलेला डोळा मात्र पुढच्या हंगामात परत येत नाही.