म्यूनिकच्या चित्रसंस्थेची भारतीय नायिका

मूकपटांच्या काळात, म्हणजे संवाद ऐकू न येता कथेचे दुवे पडद्यावरील लिखित मजकुराने जोडले जात त्या काळात, युरोपीय प्रेक्षकांसमोर भारतीय नायिका म्हणून जो चेहरा प्रामुख्याने आला तो सीतादेवी यांचा होता. त्यांचे मूळ नाव रेनी स्मिथ. त्या अँग्लो-इंडियन, म्हणजे युरोपीय व भारतीय अशा मिश्र वंशाच्या समाजातल्या होत्या. त्या काळी प्रतिष्ठित घरांतील स्त्रिया कॅमेऱ्यासमोर येण्यास सहसा तयार नसत, आणि दादासाहेब फाळक्यांनाही १९१३ साली तारामतीच्या भूमिकेसाठी अण्णा साळुंके या पुरुषाला उभे करावे लागले होते. दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी त्याच वर्षी हा पायंडा मोडला, तरी पुढची बरीच वर्षे नायिकांची उणीव अँग्लो-इंडियन आणि ज्यू मुलींनीच भरून काढली.

सीतादेवींना संधी मिळाली ती ‘प्रेम संन्यास’ (१९२५) या चित्रपटात. एडविन आर्नल्डच्या बुद्धचरित्रपर काव्यावरून निरंजन पाल यांनी त्याची पटकथा लिहिली, हिमांशु राय स्वतः गौतम झाले आणि सीतादेवी गोपा, म्हणजेच यशोधरा, झाल्या. म्यूनिकच्या एमेल्का या संस्थेने दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, छायाचित्रकार आणि यंत्रसामग्री दिली. कलावंत, चित्रणस्थळे व पैसा ही बाजू भारतीय भागीदारांनी उचलली. त्यामुळे चित्रपट अर्धा जर्मन असला तरी त्याचे चित्रण भारतातच झाले. कृत्रिम प्रकाश, उभारलेले देखावे आणि रंगभूषा यांचा आधार घेतलेला नाही, असे चित्रपटाच्या आरंभीच अभिमानाने सांगितलेले असताना त्याच्या नायिकेचे नाव मात्र धारण केलेले होते, ही विसंगती मार्मिक खरी. पण ‘अस्सल भारत’ पाहू इच्छिणाऱ्या प्रेक्षकापुढे स्मिथ हे आडनाव चालण्यासारखे नव्हते.

पुढे बर्लिनची उफा आणि एक ब्रिटिश संस्था यांच्या सहभागाने निघालेल्या ‘शिराझ’मध्ये (१९२८) मुमताजची भूमिका एनाक्षी रामराव यांच्याकडे गेली आणि सीतादेवींच्या वाट्याला कारस्थानी दालिया आली. ‘प्रपंच पाश’मध्ये (१९२९) त्या पुन्हा नायिका झाल्या. महाभारतातील द्यूतप्रसंगाच्या धाग्यावर रचलेल्या या कथेत दोन राजे आश्रमकन्या सुनीतेसाठी फासे टाकतात. सुनीता आणि राजा रणजित यांच्या चुंबनाचे दृश्यही त्यात आहे. पुढील काळातील हिंदी चित्रपटांचा संकोच पाहता त्याचे आजही नवल वाटते.

१९३१ साली ‘आलम आरा’ हा बोलपट आला आणि नायिकेला अस्खलित हिंदुस्थानी बोलता येणे आवश्यक ठरले. पडद्यावरील शांततेत आडनावाप्रमाणे बोलण्याची ढबही झाकली जात असे. ती सोय आता संपली आणि सीतादेवी लवकरच पडद्याआड गेल्या. हिमांशु रायांनी १९३४ साली मुंबईजवळच्या मालाडला बॉम्बे टॉकीज ही चित्रसंस्था उभारली तेव्हा ऑस्टेन आणि ‘प्रेम संन्यास’चे एक छायाचित्रकार योझेफ विर्शिंग तेथे आले, नायिका मात्र ‘प्रपंच पाश’च्या सजावटीत हातभार लावलेल्या देविका राणी होत्या.