पायापासून चाकापर्यंत

नागपूरहून हैदराबादच्या रस्त्याला लागलं की बुटीबोरी मागे पडते आणि हिंगणघाट यायच्या आधी जाम लागतं. समुद्रपूर तालुक्यातलं हे गाव बाहेरच्या माणसाला माहीत असतं ते चौरस्ता म्हणून. पूर्वीचा सात नंबरचा, आताचा ४४ नंबरचा राष्ट्रीय महामार्ग इथून दक्षिणेला निघून जातो आणि वरोरा-चंद्रपूरची वाट इथेच फुटते. चंद्रपूर म्हणजे कोळसा आणि सिमेंट. अशा नाक्यावरची कारागिरी साहजिकच ट्रकभोवती वाढते: पंक्चर, कमानपाटे, ग्रीसिंग, हवेचे ब्रेक. तिथे एखादी पंचवीस-तीस वर्षांची कार येऊन थांबते आणि मालक म्हणतो, "दादा, पॅडल पार खाली जाऊन राहिलं."

ट्रकचा मिस्त्री कितीही हुशार असला तरी इथे त्याच्या हाताची सवय आड येऊ शकते. ट्रकच्या ब्रेकमध्ये कॉम्प्रेसरने भरलेली हवा असते, तिचा दाब साधारण आठ बार. तेवढा दाब नायलॉनची नळी आरामात सोसते. थोडी हवा गळली तर कॉम्प्रेसर ती भरून काढतो, आणि अलीकडच्या ट्रकमध्ये हवा अगदीच संपली तर स्प्रिंग ब्रेक आपोआप चाक आवळून धरते. म्हणजे बिघाड झाला की गाडी जागच्या जागी अडते. जुन्या कारचं उलटं आहे. तिथे बिघाड झाला की गाडी थांबतच नाही.

हिशेब करून पाहण्यासारखा आहे. चालकाने पॅडलवर तीस किलोचा जोर दिला आणि पॅडलच्या तरफेने तो पाचपट केला, तर मास्टर सिलिंडरच्या दट्ट्यावर दीडशे किलो पडतात. दट्ट्या पाऊण इंची असेल तर त्याचं क्षेत्रफळ २.८५ चौरस सेंटिमीटर. भागाकार केला की दर चौरस सेंटिमीटरला सुमारे ५३ किलो येतात. टायरमधली हवा दोन किलोची असते. समोर अचानक गाय आडवी आली की पाय तीस किलोवर थांबत नाही, मग हा आकडा शंभरीही गाठतो. आणि हे सगळं वाहून नेते ती करंगळीहून बारीक नळी: बाहेरून ४.७५ मिलिमीटर, म्हणजे एका इंचाचे तीन सोळांश, आणि भिंतीची जाडी जेमतेम ०.७ मिलिमीटर. जुनी पद्मिनी असो की मारुती ८००, बहुतेक कारमध्ये मुख्य नळी याच मापाची.

बंदिस्त द्रवावरचा दाब सगळीकडे सारखा पोचतो हे पास्कलने सतराव्या शतकातच सांगून ठेवलं होतं. मोटारीने ते ऐकायला फार वेळ घेतला. माल्कम लॉगहेड या अमेरिकन माणसाने पहिल्या महायुद्धाच्या काळात द्रवावर चालणारे ब्रेक बांधले. त्याचे भाऊ विमानं बनवत, आणि पुढे लॉकहीड हे नाव ब्रेक आणि विमानं दोन्हींवर चढलं. १९२१ च्या ड्यूसेनबर्ग गाडीला चारही चाकांना असे ब्रेक आले, १९२४ मध्ये क्रायस्लरने ते जरा सामान्य माणसाच्या गाडीत आणले. हेन्री फोर्डचा मात्र सळया आणि तारांवरच विश्वास. त्याच्या गाड्यांना हायड्रॉलिक ब्रेक मिळाले ते १९३९ च्या मॉडेलपासून. म्हाताऱ्याची भीती अगदीच वेडगळ नव्हती. सळई तुटली तर एका चाकाचा ब्रेक जातो. सुरुवातीच्या एकाच सर्किटच्या हायड्रॉलिक ब्रेकमध्ये एक नळी फुटली की चारही चाकांचा जोर त्या एका भोकातून रस्त्यावर सांडतो. सगळ्या यंत्रणेत ऑइल असतं जेमतेम अर्धा लिटर.

आपल्याकडे ही कथा कुर्ल्यातून जाते. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी १९४४ मध्ये प्रीमियर ऑटोमोबाइल्स उभी केली. तिथे फियाट ११०० बनू लागली, १९७४ मध्ये तिचं नाव पद्मिनी झालं, आणि शतक संपता संपता तिचं उत्पादन थांबलं. मुंबईतल्या शेवटच्या पद्मिनी टॅक्सीची मुदत २९ ऑक्टोबर २०२३ ला संपली तेव्हा वर्तमानपत्रांनी हळहळ व्यक्त केली. विदर्भातल्या घरांमध्ये हळहळ कमी आणि गाड्या जास्त टिकल्या. पद्मिनी, अॅम्बॅसेडर, पहिल्या पिढ्यांच्या मारुती ८०० अजून शेडमधून निघतात, लग्नसराईत किंवा जवळच्या गिरडच्या टेकडीपर्यंत जाऊन येतात आणि पुन्हा ताडपत्रीखाली जातात. ब्रेकच्या नळीला सर्वांत घातक असते ती हीच राहणी. रोज धावणाऱ्या गाडीकडे कुणाचं तरी लक्ष असतं. उभ्या गाडीत ब्रेक ऑइल हवेतलं पाणी शोषत बसतं, ते पाणी ऑइलमध्येच मिसळून राहतं आणि गंज आतून सुरू होतो. बाहेरून नळी धडधाकट दिसते.

बाहेरच्या गंजाचं कारण प्रदेशागणिक बदलतं. युरोपात हिवाळ्यात रस्त्यावर टाकलेलं मीठ नळ्या खातं, कोकणात खारा वारा. वर्धा जिल्ह्यात मीठही नाही आणि समुद्रही नाही, तालुक्याचं नाव समुद्रपूर असलं तरी. इथे आहे काळी माती. पावसाळ्यात ती चिकटते ती चिकटते, नळी आणि चासी यांच्या सांदीत, क्लिपांच्या मागे, मागच्या एक्सलच्या वर बसते आणि आठवडाभर ओल धरून ठेवते. शेतकरी घरातल्या कारच्या डिकीतून खताची पोतीही जातात. पोटॅश म्हणजे पोटॅशियम क्लोराइड, रसायनाच्या हिशेबाने मिठाच्याच कुळातलं. डिकीच्या तळाला भोकं पडली असतील तर ते दाणे कुठे जातात हे गाडीखाली झोपून पाहावं. माझ्या मते जुन्या गाडीची ब्रेकची तपासणी क्लिप सोडवल्याशिवाय पूर्ण होत नाही. नळीचा उघडा भाग चकचकीत असतो आणि क्लिपखाली तिची साल निघालेली असते.

मग नवी नळी कशाची घालायची? कारखान्यातून येते ती पोलादाची, पण साध्या पाइपासारखी एकपदरी नसते. तांब्याचा मुलामा दिलेली पोलादी पट्टी दोन वेढे गुंडाळतात आणि तापवतात. तांबं वितळून दोन्ही पदर एकजीव होतात. वरून जस्ताचा थर, नव्या गाड्यांत त्यावर प्लास्टिकचा. ही नळी स्वस्त, मजबूत आणि दुसऱ्या कुठल्याही नळीइतकीच विश्वासाची. वाकवताना मात्र ती हट्टी, आणि थर खरवडला गेला की गंजायला मोकळी.

दुसरा पर्याय तांबं-निकेलचा. नव्वद टक्के तांबं, दहा टक्के निकेल, चिमूटभर लोखंड आणि मँगनीज. १९९१ पर्यंतचं आपलं रुपयाचं नाणं याच जातीच्या मिश्रधातूचं होतं, त्यात निकेल जास्त. स्वीडनसारख्या बर्फाळ, मिठाळ देशात व्होल्वोने १९७६ पासून ही नळी घातली, पोर्शे आणि अॅस्टन मार्टिननेही ती घेतली. हाताने वाकते, गंजत नाही, तोंड सुबक फुलतं. जुनी गाडी ठेवायचीच असेल आणि ही नळी मिळत असेल तर मी दुसरीकडे बघणार नाही.

तिसरा पर्याय सगळ्यात सहज हाताशी येतो आणि तोच टाळायचा: फ्रिज-एसीची तांब्याची नळी. लाल, मऊ, झटपट वाकणारी, दिसायला देखणी. शुद्ध तांबं सततच्या कंपनाने कडक होत जातं आणि नटाच्या मागेच, जिथे दिसत नाही तिथे, त्याला बारीक चीर जाते. शिवाय ती बहुधा पाव इंची असते, म्हणून नट आतून पोखरून बसवावा लागतो. नट पातळ झाला, नळी मऊ, आणि त्यावर शंभर किलोचा दाब. ब्रेकसाठी हे तांबं अनेक देशांत चालत नाही ते उगाच नाही. स्टेनलेस स्टीलचीही हौस असते काहींना. ते गंजत नाही हे खरं, पण तोंड फुलवताना इतकं ताठ राहतं की बैठक नीट बसत नाही आणि सांधा झिरपतच राहतो.

धातूवर लोक तासभर वाद घालतात. माझ्या मते खरा घोळ धातूत नसून नळीच्या तोंडात आहे. नळीचं टोक फुलवून नटाने बैठकीवर दाबलं जातं, त्या फुलवण्याच्या दोन रीती. एकीत टोक घंटेसारखं उघडून पुन्हा आत दुमडतात, म्हणजे ४५ अंशांच्या कडेला धातूचे दोन पदर येतात. दुसरीत टोकाला गोलसर फुगवटा आणतात. जपानी घराण्याच्या गाड्यांत, म्हणजे आपल्या मारुतीतही, पहिली रीत. युरोपी गाड्यांत बहुधा दुसरी. दोन्हींचा नट दहा मिलिमीटरचा, एक मिलिमीटर पिचचा असू शकतो. म्हणजे चुकीची नळी बिनतक्रार आत जाते, आवळतेही, आणि पहिल्या जोराच्या ब्रेकला पाझरते. इंची आणि मेट्रिकचा गोंधळ याहून वाईट. अॅम्बॅसेडर मॉरिसच्या वंशातली, तिचं माप इंची. तीन अष्टमांश इंचाचा नट भरतो ९.५ मिलिमीटर, आणि इंचाला चोवीस आटे म्हणजे पिच १.०६. तो दहा मिलिमीटरच्या भोकात जरा सैल पण छान फिरतो. नवख्याला वाटतं, बसला. आटे मात्र काठाकाठानेच धरलेले असतात. जुना नट सोबत घेऊन दुकानात जावं, नव्याशी आटे जुळवून पाहावेत, एवढीच खबरदारी पुरते. ज्या दुकानदाराला याचा कंटाळा येतो त्याच्याकडून ब्रेकचं काहीच घेऊ नये.

नळी पोलादी असली तरी चाकापाशी ती रबरी होजला जोडते, कारण चाक हलतं. होज बाहेरून भेगाळतो ते दिसतं. आतून फुगतो ते दिसत नाही. आतलं रबर सुटून झडपेसारखं वागू लागलं की पायाच्या जोराने ऑइल पुढे जातं आणि परत येत नाही. चाक धरून राहतं, ड्रम तापतो, आणि मिस्त्री बिचारा लायनर बदलत बसतो. एका होजचं वय झालं म्हणजे सगळ्यांचं झालं, म्हणून बदलायचे तर सगळे एकदम. हायड्रॉलिक ब्रेक होजचं भारतीय मानक आय. एस. ७०७९. बसवल्यावर चाक लोंबतं ठेवून स्टिअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण फिरवावं: होज कुठे ताणला जाऊ नये, टायरला घासू नये, आणि त्यावरची छापील रेघ पिळलेली दिसू नये. जाळीचे टेफ्लॉन होज शर्यतीत शोभतात. चार ड्रमच्या पद्मिनीला ते कशाला हवेत हे मला कळलेलं नाही.

प्रत्यक्ष काम संयमाचं आहे. जॅकवर नव्हे, घोडीवर गाडी. जुनी नळी कापून फेकायची नाही, ती अखंड काढून तिच्यावरून नवीची वळणं घ्यायची. नट जाम असेल तर आदल्या रात्री त्यावर गंज सोडवणारं तेल मारून ठेवायचं, आणि साध्या पान्याने कोपरे गोल करण्यापेक्षा खाचेचा रिंग पाना वापरायचा. मास्टर सिलिंडरजवळ कारखान्याने नळीला एक-दोन वेटोळी दिलेली असतात. ती शोभेची नाहीत, बॉडी आणि इंजिनची थरथर तिथे जिरते. सरळ नळी टाकून दोन वेटोळ्यांचा खर्च वाचवणारे भेटतात. मध्येच जोड द्यायचाच झाला तर दोन्ही टोकं फुलवून युनियनने द्यावा. पितळी रिंग दाबून बसवायचा नळकामातला सांधा, डाग देणं किंवा रबरी तुकड्यावर क्लिप आवळणं हे ब्रेकमध्ये कधीच नाही. हमरस्त्यावर रात्री अडकलेल्या माणसाला हे सांगणं सोपं आहे, मान्य. पण तिथून गाडी ट्रकवर चढवून नेणं अजूनही स्वस्त पडतं.

ऑइल नवंच घ्यावं, सीलबंद. डॉट ३ प्रतीचं ऑइल कोरडं असताना २०५ अंशांना उकळतं, डॉट ४ हे २३० ला. त्यात पावणेचार टक्क्यांच्या आसपास पाणी मुरलं की हेच आकडे १४० आणि १५५ वर येतात. मे महिन्यात जिथे सावलीतच ४५ च्या वर पारा जातो तिथे हा फरक पुस्तकी राहत नाही: तापलेल्या ऑइलची वाफ होते, वाफ दबते आणि पॅडल पोकळ लागतं. दर दोन वर्षांनी ऑइल बदलण्याची शिफारस याचसाठी. इंजिन ऑइलचा थेंबही यात जाऊ नये, रबराचे सगळे सील फुगून बसतात. आणि ब्रेक ऑइल रंगावर सांडलं तर पुसत बसू नये, लगेच पाण्याने धुवावं, नाहीतर रंग सोलून निघतो.

हवा काढायला दोन माणसं लागतात. एक सीटवर, एक चाकापाशी, आणि मग तो ठेका: मार, मार, मार, धरून ठेव! निप्पल उघडला, बुडबुडे आले, निप्पल बंद, आता सोड. वरच्या माणसाने निप्पल बंद व्हायच्या आधी पाय उचलला की हवा परत आत आणि काम पहिल्यापासून. आपल्या उजव्या स्टिअरिंगच्या जुन्या गाड्यांत मास्टर सिलिंडर उजवीकडे, म्हणून सुरुवात सर्वांत लांबच्या मागच्या डाव्या चाकापासून आणि शेवट पुढच्या उजव्याने. तिरकस दोन सर्किटं असलेल्या गाडीचा क्रम वेगळा असतो, तो तिच्या पुस्तकातून घ्यावा. वर टाकीत ऑइल कमी होऊ देऊ नये, हे सांगूनही दर वेळी कुणीतरी विसरतंच.

पंधरा वर्षांनी खासगी कारची नोंदणी पुढच्या पाच वर्षांसाठी वाढवायला वर्ध्याच्या उपप्रादेशिक परिवहन कार्यालयाची तपासणी लागते, तेव्हा ब्रेक बघितला जातो. पण तो लागतो की नाही एवढंच तिथे कळतं, नळीची साल कुठे निघाली आहे हे नाही. काम झाल्यावर गळतीची तपासणी गाडी घरी आणायच्या आधीच करायची: इंजिन बंद ठेवून पॅडल सगळ्या ताकदीने मिनिटभर दाबून धरायचं, दुसऱ्याने कोरडा कागद घेऊन प्रत्येक सांध्यावर फिरवायचा. कागद कोरडा राहिला तर मोकळ्या रस्त्यावर वीसच्या वेगात दोन-तीनदा ब्रेक लावून बघायचे. आठवड्याने हाच कागद पुन्हा, कारण नवा सांधा बसताना किंचित ढिला होऊ शकतो. आणि ऑइल कधी बदललं ती तारीख बॉनेटच्या आत खडूने नव्हे, ऑइल पेंटने लिहून ठेवायची.