चेहऱ्याचे कामकाज

ज्याचे बालपण इचलकरंजीत, यंत्रमागाच्या कारखान्याला भिंत लागून असलेल्या घरात गेले, त्याला माणसांचे चेहरे वाचण्याची विद्या निराळी शिकावी लागत नाही. जहागीरदार नारायणराव घोरपडे यांच्या उत्तेजनाने विठ्ठलराव दातार यांनी १९०४ साली या गावात पहिला यंत्रमाग आणला, आणि तेव्हापासून येथल्या पिढ्यानुपिढ्या त्या खडखडाटात वाढल्या. माग चालू असताना हातभर अंतरावरच्या माणसाचा शब्दही कानी पडत नाही. म्हणून धोटा अडकला, कांडी संपली, माग दुरुस्त करणाऱ्या जॉबरला हाक मार, दिवाणजी फाटकात आले आहेत, हे सारे भुवईने, हनुवटीने आणि बोटांच्या खुणांनी सांगितले जाते, व पलीकडच्या रांगेतला गडी ते अचूक उचलतो. शब्दावाचून अर्थ पोहोचविण्याचा आणि ग्रहण करण्याचा हा नित्य व्यवहार ज्याने जवळून पाहिला आहे, तो नटाचे कामही प्रथम त्याच्या चेहऱ्यावरूनच जोखतो.

बाबूराव पेंढारकरांचे जुने बोलपट पाहावयास मी बसतो तो हीच सवय धरून. एखादा प्रवेश प्रथम ध्वनी अगदी बंद करून पाहावयाचा, मग ध्वनीसह, आणि मग डोळे मिटून नुसता ऐकावयाचा. पुष्कळ नामांकित नट या पहिल्याच परीक्षेत उतरत नाहीत, कारण संवाद काढून घेतला की त्यांचे हातवारे निराधार होऊन पडद्यावर तरंगू लागतात. पेंढारकरांचे तसे होत नाही. समोरचे पात्र बोलत असताना त्यांची दृष्टी त्या पात्रावरून ढळत नाही, मान क्वचितच हलते, आणि उत्तराचा निश्चय त्यांच्या मुद्रेवर ओठ उघडण्यापूर्वीच उमटलेला असतो. नाटकी आविर्भावाचे वर्चस्व असलेल्या त्या काळात हा संयम कोठून आला, याचा शोध मला त्यांच्या अभिनयाइतकाच त्यांच्या नोकरीच्या इतिहासात सापडतो.

१८९६ साली कोल्हापुरात जन्मलेले बाबूराव चित्रसृष्टीत शिरले ते बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत, आणि तेथे त्यांच्याकडे कारभाराची जबाबदारी होती. कॅमेरादेखील स्वतःच्या कारखान्यात घडविणाऱ्या त्या विलक्षण कलावंताच्या हाताखाली, ‘सैरंध्री’च्या म्हणजे १९२० च्या सुमारास, जो तरुण व्यवस्थापकी करीत होता, त्याला हिशेब, माणसे, सामान आणि सूर्यप्रकाश या चारही गोष्टींची किंमत ठाऊक होती. शांताराम वणकुद्रे नावाच्या नात्यातल्या मुलाला त्या कंपनीत आणले तेही बाबूरावांनीच, पुढचे व्ही. शांताराम ते हेच. माझी अशी धारणा आहे की ज्याने मूकपटाचा कारखाना आतून चालविलेला असतो, त्याला फिल्मच्या प्रत्येक फुटाचा खर्च दिसत असतो, आणि म्हणून तो पडद्यावर एकही हालचाल विनाकारण करीत नाही. त्यात पुन्हा त्या वेळी शब्द नव्हताच. जे सांगावयाचे ते मुद्रेनेच सांगणे भाग होते.

खरी कसोटी लागली ती १९३२ साली. प्रभात फिल्म कंपनी तेव्हा अजून कोल्हापुरातच होती, आणि ‘अयोध्येचा राजा’ हा तिचा पहिला मराठी बोलपट तेथेच तयार झाला. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र, दुर्गाबाई खोटे तारामती आणि काशीतल्या गंगानाथाच्या खलभूमिकेत पेंढारकर. ध्वनी त्याच वेळी, दृश्यासमवेत नोंदला जात असे. मायक्रोफोन दडविलेला, त्यामुळे नटाने कोठे उभे राहावे आणि तोंड कोणीकडे करावे हे त्या यंत्राच्या मर्जीवर. शिवाय हाच बोलपट हिंदीतही निघाला, तेव्हा एकच क्रोध, एकच लालसा, एकच पराभव दोन भाषांत दोनदा वठवावयाचा. हे काम किती कष्टाचे असेल याची कल्पना ज्याला करावयाची आहे, त्याने एखादे वाक्य मराठीत रागाने उच्चारून लगेच तेच हिंदीत, तितक्याच रागाने, उच्चारून पाहावे. दुसऱ्या खेपेस राग उरत नाही, उरते ती केवळ त्याची नक्कल. पेंढारकरांना दोन्ही खेपांस आधार देणारी वस्तू, मला वाटते, मूकपटात घडलेली ती मुद्राच होती.

पुढे प्रभातमधून बाहेर पडून त्यांनी कोल्हापूर सिनेटोनचे काम पाहिले, आणि १९३६ मध्ये मास्टर विनायक व छायालेखक पांडुरंग नाईक यांच्यासह हंस पिक्चर्स काढली. वि. स. खांडेकरांच्या कथेवरचा ‘छाया’ हा तिचा पहिला चित्रपट. त्या व्यवहारांतल्या भरभराटीचा आणि ओढाताणीचा वृत्तांत वाचावयाचा असेल त्याने त्यांचे ‘चित्र आणि चरित्र’ हे आत्मवृत्त जरूर मिळवावे. मला येथे त्यांच्या चेहऱ्याविषयीच अधिक सांगावयाचे आहे.

१९४६ च्या ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’त ते चिनी सेनानी जनरल फाँग झाले. सोलापूरच्या डॉक्टर द्वारकानाथ कोटणिसांनी चीनमध्ये जखमी सैनिकांची शुश्रूषा करता करता १९४२ साली देह ठेवला, त्याला चार वर्षेही पुरती झाली नव्हती, तोच शांतारामांनी ही कथा पडद्यावर आणली. मराठी नटनटींनी हिंदुस्थानी बोलत चिनी माणसे उभी करावयाची, यातला कृत्रिमपणा आज झाकत नाही, आणि झाकावा असे मी म्हणणारही नाही. परंतु पोशाख परका, रंगभूषा परकी, भाषा भलतीच, अशा स्थितीत नटाकडे उरते काय, हा प्रश्न या भूमिकेपुढे अटळपणे उभा राहतो, आणि त्याचे उत्तर ध्वनी बंद केल्यावर मिळते: उरते ती ऐकण्याची रीत. हुकूम देणाऱ्या माणसाने प्रथम ऐकले पाहिजे, हे पेंढारकर जाणत होते.

‘दो आंखें बारह हाथ’मधल्या वरिष्ठ तुरुंगाधिकाऱ्याची भूमिका तर आकाराने लहानच. सहा खुनी कैद्यांना उघड्या माळावर नेऊन माणसात आणण्याची परवानगी मागणारा जेलर आणि ती देणारा वरिष्ठ. सगळा चित्रपट त्या परवानगीवर उभा असल्याने ती सहजासहजी मिळाली असे दिसता कामा नये, आणि अकारण अडविली असेही दिसता कामा नये. सरकारी अंमलदाराचा संशय आणि सज्जनाची उत्सुकता एकाच चेहऱ्यावर नांदविणे हे एखाद्या खलनायकाच्या गर्जनेहून शतपटीने अवघड आहे.

आचार्य अत्र्यांनी १९५४ च्या ‘महात्मा फुले’त जोतिबांची भूमिका त्यांना दिली, तेव्हा बाबूराव साठीच्या उंबरठ्यावर होते. आयुष्यभर दुष्टांच्या भूमिकांत गाजलेल्या माणसाला हे काम देण्यात अत्र्यांनी दाखविलेले धैर्य मला त्या चित्रपटाला लाभलेल्या राष्ट्रपतींच्या रौप्यपदकाहूनही मोलाचे वाटते. सावित्रीबाईंच्या भूमिकेत सुलोचनाबाई होत्या. हा चित्रपट मी आमच्या गल्लीत, पाळी सुटून आलेल्या काही कामगारांसमवेत पाहिला. शेजारचे माग चालूच होते, संवाद अर्धेअधिक बुडत होते, परंतु आवाज वाढवा असे कोणी म्हणाले नाही. मध्येच एका वृद्ध जॉबरने माझ्याकडे वळून, पडद्यावरच्या जोतिबांकडे हनुवटीने निर्देश केला आणि दोन बोटे आपल्या डोळ्यांखाली टेकविली. बघत राहा, एवढाच त्याचा अर्थ. कारखान्यात नव्या पोराला माग सोपविताना तो हीच खूण करतो.