ऱ्होड आयलंडची शेवटची फाशी

३१ डिसेंबर १८४३. क्रॅन्स्टन गावात कापड गिरणीचे मालक अमासा स्प्रेग यांचा मृतदेह पायवाटेवर सापडला. कुणीतरी त्यांना बेदम मारून संपवलं होतं. खिशातले साठ डॉलर आणि घड्याळ जागच्या जागी होतं, म्हणजे चोरीसाठी हा खून नव्हता. मग वैर कुणाचं, याचा शोध सुरू झाला आणि तो निकोलस गॉर्डनच्या दारात येऊन थांबला. निकोलस आयरिश. त्याच्या दुकानात गिरणी कामगार दारू प्यायचे, म्हणून स्प्रेग यांनी त्याचा परवाना बंद पाडला होता. निकोलसचे भाऊ जॉन आणि विल्यम आयर्लंडहून येऊन जेमतेम काही महिने झाले होते. तिघांनाही अटक झाली.

ऱ्होड आयलंड हे अमेरिकेतलं सर्वांत लहान राज्य. तिथली हवा तेव्हा तापलेली होती. मताधिकार वाढवा म्हणून थॉमस डॉर यांनी १८४२ मध्ये बंड पुकारलं आणि ते मोडून काढलं गेलं. नव्या राज्यघटनेनेही परदेशात जन्मलेल्या नागरिकाला जमीनजुमला असल्याशिवाय मत दिलं नाही. गिरणीत राबणाऱ्या आयरिश कॅथलिकांना राज्यकारभारात जवळपास स्थानच उरलं नाही. शिवाय मृताचे भाऊ विल्यम स्प्रेग अमेरिकेच्या सिनेटचे सदस्य होते. गिरण्या सांभाळायला आणि या खुनाच्या मागे लागायला त्यांनी ते पद सोडलं.

१८४४ च्या वसंतात खटला उभा राहिला. प्रत्यक्ष पाहणारा साक्षीदार एकही नाही. होते ते बर्फातले पावलांचे ठसे, एक डागाळलेला कोट आणि एक बंदूक. विल्यम सुटला, जॉन दोषी ठरला. मुख्य न्यायाधीश जॉब डर्फी यांनी ज्यूरीला सांगितलं, की इथे जन्मलेल्यांच्या साक्षीला आरोपीच्या देशबांधवांच्या साक्षीपेक्षा जास्त वजन द्या. हे वाचताना आजही संताप येतो. गॉर्डन कुटुंबाच्या बाजूने बोलणार कोण? शेजारीपाजारी, जातभाई, म्हणजे आयरिशच. त्यांचा शब्द निकालाआधीच हलका ठरवला गेला.

अपील त्याच न्यायाधीशांपुढे गेलं आणि फेटाळलं गेलं. मग विधिमंडळाकडे अर्ज आला: निकोलसचा खटला अजून संपलेला नाही, ज्यूरीचं एकमत झालेलं नाही, दुसऱ्यांदा सुनावणी होईपर्यंत तरी फाशी थांबवा. सरकारी पक्षाचं म्हणणंच असं होतं, की कट निकोलसचा आणि हात भावांचे. मग कटाचा निवाडा व्हायच्या आत हात तोडायची घाई कशाला? ३६ विरुद्ध २७ मतांनी अर्ज नामंजूर झाला. १४ फेब्रुवारी १८४५ रोजी प्रॉव्हिडन्सच्या तुरुंगात जॉनला फासावर चढवलं. पुढे निकोलसच्या दुसऱ्या ज्यूरीचंही एकमत झालं नाही. तो जामिनावर सुटला आणि १८४६ मध्ये वारला.

जॉनच्या फाशीची सल राज्याच्या मनातून गेली नाही. १८५२ मध्ये ऱ्होड आयलंडने मृत्युदंड रद्द केला. मिशिगन राज्याने त्याआधी खुनासाठीची फाशी रद्द केली होती, पण राजद्रोहाचा अपवाद ठेवला होता. ऱ्होड आयलंडने तोही ठेवला नाही. अर्थात हा निर्धार अभंग राहिला नाही. १८७२ मध्ये जन्मठेपेच्या कैद्याने केलेल्या खुनासाठी फाशी कायद्यात परत आली. १९७३ मध्ये तुरुंगातल्या खुनासाठी ती सक्तीची झाली. १९७९ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने ही सक्ती घटनाबाह्य ठरवली आणि १९८४ मध्ये ते कलम कायद्याच्या पुस्तकातून गेलं. या सगळ्या काळात फास मात्र कुणाच्याही गळ्यात पडला नाही.

जॉनच्या नावावरचा डाग पुसायला मात्र २०११ साल उजाडलं. केन डूली यांनी या खटल्यावर नाटक लिहिलं, क्रॅन्स्टनमध्ये त्याचे प्रयोग झाले आणि लोकांनी माफीची मागणी लावून धरली. विधिमंडळाने ठराव केला. २९ जून रोजी, जिथे खटला चालला त्याच जुन्या स्टेट हाउसमध्ये, गव्हर्नर लिंकन चेफी यांनी माफीनाम्यावर सही केली. मधे १६६ वर्षं गेली होती.

त्याच वर्षी चेफी यांच्यासमोर जिवंत माणसाचा प्रश्न आला. वूनसॉकेटमधल्या दरोड्यात एकाचा खून झाला होता आणि केंद्र सरकारने आरोपीचा ताबा मागितला. केंद्राच्या कायद्यात त्याला मृत्युदंड होऊ शकत होता. आमच्या राज्याने ही शिक्षा नाकारली आहे, असं सांगून चेफी यांनी ताबा द्यायला नकार दिला. २०१२ मध्ये केंद्रीय अपील न्यायालयाने त्यांच्या विरोधात निकाल दिला. २०१३ मध्ये आरोपीने गुन्हा कबूल केला आणि त्याला जन्मठेप झाली.