खलनायकाच्या मुखवट्यामागील कार्यकर्ता : निळू फुले

दरवर्षी स्नेहसंमेलनात एखादा तरी विद्यार्थी निळू फुले यांच्या आवाजाची नक्कल करतो. मान किंचित कलती, डोळे अर्धे मिटलेले, शब्द ओढत ओढत उच्चारलेले. सभागृह खदखदून हसते. आम्हीही हसतो, परंतु या नटाविषयी पुढील पिढीस केवळ एवढेच ठाऊक असावे, याची खंत मनात राहते. म्हणून हा लेखनप्रपंच.

नायकाभोवतीची माणसे, म्हणजे बाप, कारकून, सरपंच, पुढारी, खलपुरुष, ज्याच्या अभिनयाने जिवंत होतात, त्या नटास चरित्र अभिनेता म्हणतात. जाहिरातफलकावर त्याचे चित्र लहान असते. पण कथेतील गाव खरे वाटते ते त्याच्यामुळेच. मराठी चित्रपटात हे स्थान निळूभाऊंइतके क्वचितच कोणी मिळवले असेल.

त्यांची जडणघडण नाट्यशाळेत नव्हे, चळवळीत झाली. तरुणपणी ते पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करीत आणि राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात काम करीत. हसवता हसवता प्रस्थापितांना प्रश्न विचारण्याची रीत महाराष्ट्रात सत्यशोधक जलशांनी रुजवली आणि आंबेडकरी जलशांनी ती वस्तीवस्तीत नेली. कलापथकांची वाटही त्याच जातकुळीची होती. महायुद्धोत्तर इटलीत ‘बायसिकल थीव्ज’ (१९४८) या चित्रपटाची प्रमुख भूमिका एका कारखाना कामगाराने केली होती. श्रमाचा अनुभव पडद्यावर किती बळ आणतो, हे तेथे जगाने पाहिले. आपल्याकडे तो अनुभव या माळ्याने आणला.

शंकर पाटील यांच्या ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या वगनाट्याने त्यांचे नाव गावोगाव पोचले. १९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’मधील झेलेअण्णाने त्यांना चित्रपटात स्थान दिले. १९७२ मध्ये विजय तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’ची वादग्रस्त मुख्य भूमिका त्यांनी रंगमंचावर पेलली. त्यानंतर ‘सामना’ आला. पटकथा तेंडुलकरांची, दिग्दर्शन जब्बार पटेल यांचे. पुढे याच दिग्दर्शकाने ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ हा चित्रपट केला, हे आपल्या वाचकांस सांगावयास नकोच.

‘सामना’तील हिंदुराव धोंडे पाटील हा साखरसम्राट आरडाओरडा करीत नाही. तो आतिथ्य करतो, हळू बोलतो, उपकार करतो. कारखाना, माणसे, यंत्रणा सारे त्याच्या मुठीत आहे; म्हणून त्याला आवाज चढवण्याची गरजच पडत नाही. सत्तेचे हे सौम्य रूप निळूभाऊंनी अचूक दाखवले. त्याच्यासमोर डॉ. श्रीराम लागूंचा फाटका मास्तर एकच गोष्ट विचारीत राहतो : नाहीसा झालेल्या मारुती कांबळेचे पुढे काय झाले? १९७५ च्या बर्लिन चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत हा चित्रपट दाखवला गेला.

मराठवाड्यात हा प्रश्न पडद्यापुरता राहिला नाही. १९७८ मध्ये विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि वस्त्या पेटल्या. आपल्या नांदेड जिल्ह्यातील टेंभुर्णीचे पोचीराम कांबळे यांची हत्या झाली. चित्रपटाचा या घटनेशी संबंध नाही, तो आधीचा आहे. तरीही ‘सामना’ पाहताना कांबळे हे आडनाव कानी पडले की आपल्या माणसांच्या मनात काय उमटते, हे वेगळे सांगावे लागत नाही. गावची सत्ता माणसाला कशी नाहीशी करते आणि सभ्यपणे पुढे कशी वावरते, हे ज्याने ओळखले, तोच हिंदुराव साकारू शकतो.

तोच नट ‘सिंहासन’ (१९७९) मध्ये दिगू टिपणीस हा सत्तेचा खेळ पाहून हतबल होणारा पत्रकार झाला, जयवंत दळवींच्या ‘सूर्यास्त’ नाटकात तत्त्वनिष्ठ वृद्ध स्वातंत्र्यसैनिक अप्पाजी झाला, तर ‘सारांश’ (१९८४) मध्ये निर्ढावलेला राजकारणी. १९९१ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार लाभला.

पडद्यावर ते इतके खरे वाटत की खेड्यातील बायाबापड्या त्यांच्या नावाने बोटे मोडीत. प्रत्यक्षात हाच माणूस बाबा आढावांच्या ‘एक गाव एक पाणवठा’ चळवळीचा पाठीराखा होता, अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात होता. पूर्णवेळ कार्यकर्त्यांना मानधन मिळावे म्हणून उभारलेल्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. लागूंसमवेत त्यांनी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग केले. पाणवठ्यावर आपल्याला ज्यांनी अडवले, त्यांची सोंगे त्यांनी वठवली आणि तो पाणवठा खुला व्हावा म्हणून ते स्वतः उभे राहिले. या दोन गोष्टींत विसंगती नाही. अन्यायाचे रूप नीट दाखवणे हेही अन्यायाविरुद्धचेच काम आहे.

१३ जुलै २००९ रोजी ते गेले. नक्कल करणाऱ्या विद्यार्थ्यास आम्ही आता टाळ्या देतो आणि दुसऱ्या दिवशी ‘सामना’ची गोष्ट सांगतो. माजी विद्यार्थ्यांना आणि पालकांना विनंती एवढीच की, मुलांसोबत बसून हा चित्रपट एकदा अवश्य पाहावा. आवाज मुलांना येतोच. त्या आवाजासमोर निर्भयपणे प्रश्न विचारणारा मास्तरही त्यांना भेटला पाहिजे.