दाराआड साचलेला वायू
विजेची कोठारे आणि आग : लेखांक ५

लिथियम-आयन सेल एकदा बेफाम तापू लागला की स्वतःला आवरू शकत नाही, हे मागच्या लेखांकात पाहिले. तंत्रज्ञ त्याला ‘थर्मल रनअवे’ म्हणतात. अशा सेलपुढे आग विझवण्याची नेहमीची साधने कुठे कमी पडतात, ते आज पाहू.

१९ एप्रिल २०१९. अमेरिकेतल्या ॲरिझोना राज्यातील सरप्राइज शहर. तिथल्या मॅकमिकन या वीज साठवण केंद्रात एका बंदिस्त खोक्यात दहा हजारांहून अधिक सेल रॅकवर रचलेले होते. क्षमता २ मेगावॉट-तास. संध्याकाळी त्यातला एक सेल बिघडला. धुराची सूचना मिळाली, आग विझवणारा वायू आपोआप सुटला. यंत्रणेने नेमून दिलेले काम चोख बजावले. तरीही रात्री आठच्या सुमारास जवानांनी दार उघडले आणि काही मिनिटांत स्फोट झाला. अग्निशमन दलाचे चार जण गंभीर जखमी झाले.

तो वायू ज्वाळा विझवण्यासाठी होता. संगणकांच्या खोलीत तो उपयोगी पडतो. पण बिघडलेल्या सेलची उष्णता त्याच्या पोटातल्या रासायनिक क्रियेतून येते. ज्वाळा विझली तरी ती क्रिया चालूच राहते. शेजारच्या सेलमध्ये उष्णता जाऊ नये म्हणून मध्ये पुरेसे रोधक पडदे नव्हते. त्यामुळे एकामागून एक सेल तापत गेले आणि हायड्रोजन, कार्बन मोनॉक्साइड यांसारखे ज्वलनशील वायू सोडत राहिले. ते न जळता खोक्यातच साचले. दार उघडल्यावर आतली हवा ढवळली गेली आणि कुठेतरी ठिणगी किंवा तापलेला भाग त्यांना भेटला.

घरात गॅस गळाल्याचा वास आला तर आपण बटणाला हात लावत नाही, खिडक्या उघडतो. मॅकमिकनच्या खोक्याला खिडकीच नव्हती.

म्हणून आता विचाराचा क्रम बदलला आहे. यूएल ९५४०ए या चाचणीत एक सेल मुद्दाम बेफाम तापवतात आणि उष्णता कुठवर पसरते, किती वायू निघतो, हे मोजतात. त्यावरून रचना ठरते: दोन सेलच्या मध्ये रोधक, वायू ओळखणारे संवेदक, स्फोटाची पातळी गाठण्याआधीच वायू बाहेर खेचणारे पंखे आणि दाब वाढल्यास ठरल्या दिशेने उघडणारे झडपेचे पत्रे. एनएफपीए ८५५ हे मानक याच विषयासाठी आहे. पाणी लागतेच, पण मुख्यतः शेजारचे भाग थंड ठेवण्यासाठी.

तुमच्या परिसरात असे कोठार उभे राहणार असेल, तर आग विझवायला काय ठेवले आहे हे जरूर विचारा. पण त्याआधी विचारा: वायू बाहेर कुठून जाणार, आणि ते दार उघडायचे की नाही हे कोण, कशावरून ठरवणार?

(पुढील लेखांकात : ऑस्ट्रेलियातील जिलाँगजवळची २०२१ ची आग)