अनुबोधपटातून मासेमारीचे दर्शन

पालघर जिल्ह्याच्या किनाऱ्यावर सातपाटी, मुरबे, दांडी, तारापूर अशी मच्छीमारांची अनेक गावे वसलेली आहेत. बोईसर-तारापूरचे नाव अणुवीज केंद्र व कारखाने यांमुळे सर्वत्र परिचित झाले. परंतु त्याच किनाऱ्यावरून निघणाऱ्या नौकांवर काम कसे चालते, ह्याची कल्पना बाजारात पापलेट विकत घेणाऱ्यास क्वचितच असते. ती करून देण्याचे उत्तम साधन म्हणजे अनुबोधपट होय. मात्र त्यात केवळ समुद्राची शोभा न दाखविता धंद्याचा संपूर्ण हिशेब दाखविला पाहिजे.

ही परंपरा जुनी आहे. १९२९ साली जॉन ग्रिअर्सन यांनी उत्तर समुद्रातील हेरिंग मासळीच्या धंद्यावर ‘ड्रिफ्टर्स’ हा मूकपट तयार केला. त्यात नटांऐवजी प्रत्यक्ष मच्छीमारच काम करताना दिसतात.

मुंबईच्या कोळी समाजावरील सर्वनिक कौर यांच्या ‘अगेन्स्ट द टाइड’ ह्या अनुबोधपटास २०२३ मध्ये अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात विशेष परीक्षक पुरस्कार मिळाला. त्यातील दोन मित्रांपैकी एक किनाऱ्याजवळ पूर्वापार पद्धतीने मासेमारी करतो. दुसरा मोठ्या नौकेने खोल समुद्रात जातो आणि कर्जाने गांजल्यामुळे एलईडी दिव्यांच्या मासेमारीकडे वळू पाहतो. अशा मासेमारीस केंद्र शासनाने नोव्हेंबर २०१७ मध्ये बंदी घातलेली आहे. नियम मोडण्याचा मोह का होतो, हे त्या कर्जावरून प्रेक्षकास उमगते. नुसत्या उपदेशाने हे साधत नाही.

पालघरच्या किनाऱ्यावरही असाच प्रश्न आहे. सातपाटीचे मच्छीमार पापलेट मुख्यतः दालदी जाळ्याने धरतात. पाण्यात भिंतीसारख्या उभ्या राहणाऱ्या ह्या जाळ्याचा आस मोठा असल्यास लहान मासे निसटून जातात. डोलजाळे पिशवीसारखे असून ते भरती-ओहोटीच्या प्रवाहात बांधून ठेवतात. त्याच्या शेवटच्या भागाचा आस बारीक असल्याने पापलेटची पिल्लेही त्यात सापडतात. विणीपूर्वीच पिल्ले धरणे म्हणजे शेतकऱ्याने पेरणीचे बियाणे दळून खाण्यासारखे आहे. महाराष्ट्र शासनाने २०२३ मध्ये पापलेटला राज्यमासा घोषित केले व त्याच वर्षी ५४ जातींच्या मासळीसाठी किमान आकारमान ठरवून दिले. ह्या नियमामागील कारण पडद्यावर पाहिल्यास लवकर पटेल. परंतु डोलजाळे लावणाऱ्याचाही चरितार्थ समुद्रावरच चालतो. एकाच बाजूचे चित्र दाखविल्यास जुना तंटा वाढेल. म्हणून दोन्ही नौकांवरील काम व दोन्ही घरांतील खर्च दाखविणे अगत्याचे आहे.

चित्रीकरण करणाऱ्यांनी एकदोन दिवसांच्या भेटीवर समाधान मानू नये. जून-जुलैमधील मासेमारी बंदीच्या काळात नौकांची डागडुजी व जाळ्यांची दुरुस्ती चालते. त्या महिन्यांत कमाई नसतानाही घरखर्च थांबत नाही. बंदी उठल्यावर डिझेल, बर्फ व खलाशांची मजुरी ह्यांचा खर्च सुरू होतो. मासळी निवडणे, विकणे आणि वलांडीवर बोंबील वाळविणे ही स्त्रियांची कामे वगळल्यास चित्र अपुरे राहील. नौकेवर तांडेलाची आज्ञा पाळावी, जीवरक्षक जाकीट घालावे व जाळे ओढताना दोरापासून दूर राहावे.

अनुबोधपट पूर्ण करण्यापूर्वी तो गावातच दाखवावा. ज्यांचे श्रम त्यात टिपले आहेत, त्यांनी चुका दाखविल्यास त्या सुधारून घ्याव्यात. असा अनुबोधपट ग्राहकास मासळीची खरी किंमत सांगेल आणि मच्छीमार बांधवांना समुद्रातील बियाणे राखण्याच्या विचारास प्रवृत्त करील.